ब्रिटिश दूरचित्रवाणीतला प्रॉडक्शन मॅनेजर नेमके काय करतो, आणि त्या खुर्चीपर्यंत कसे पोहोचतात?

पुण्यात संज्ञापनाचा अभ्यासक्रम पूर्ण करून दोन वर्षे मराठी मालिकांच्या निर्मितीत काम केलेल्या एका तरुणाने तीन प्रश्न विचारले आहेत. ब्रिटिश मालिकांच्या शेवटी श्रेयनामावलीत ‘प्रॉडक्शन मॅनेजर’ म्हणून जे नाव झरकन सरकून जाते, त्या व्यक्तीचे काम आपल्याकडच्या प्रॉडक्शन मॅनेजरसारखेच असते का. तिची कारकीर्द कशी घडते. आणि मुंबईतला अनुभव तिथे उपयोगी पडतो का. मी १९८० च्या दशकाच्या अखेरीस लंडनमध्ये प्रॉडक्शन सेक्रेटरी म्हणून या व्यवसायात शिरले आणि तीस वर्षांहून अधिक काळ त्यातच राहिले. त्यातली शेवटची अठरा वर्षे प्रॉडक्शन मॅनेजर आणि लाइन प्रोड्यूसर (अख्ख्या निर्मितीचा खर्च आणि व्यवस्था सांभाळणारी व्यक्ती) म्हणून गेली. त्यामुळे थोडे विस्ताराने लिहिते.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर असे की, नाव एकच असले तरी काम एक नाही. मुंबईत प्रॉडक्शन मॅनेजर म्हटले की गाड्या, जेवण, जनरेटर, परवानग्या आणि रोख रकमेची पाकिटे सांभाळणारा, सेटवर सतत फोन कानाला लावून फिरणारा माणूस डोळ्यासमोर येतो. ब्रिटनमध्ये यातली बरीचशी कामे लोकेशन मॅनेजर, युनिट मॅनेजर आणि प्रॉडक्शन कोऑर्डिनेटर यांच्यात वाटलेली असतात. प्रॉडक्शन मॅनेजर बहुतेक वेळ कार्यालयात असतो आणि त्याच्यासमोर दोन कागद असतात: अंदाजपत्रक आणि वेळापत्रक. हे दोन कागद एकमेकांशी खोटे बोलत नाहीत ना, हे रोज पाहणे आणि बोलू लागले तर त्याच दिवशी ते निर्मात्याच्या कानावर घालणे, हे त्याचे खरे काम. (मी ‘त्याचे’ लिहिते ते केवळ व्याकरणाच्या सोयीसाठी. मी ज्या ज्या कार्यालयांत काम केले, तिथे या खुर्चीत बायकाच जास्त होत्या, आणि निर्मात्याच्या खुर्चीत मात्र त्या प्रमाणात नव्हत्या.)

लोकांना वाटते की हे पैसे वाचवण्याचे काम आहे. प्रत्यक्षात आमच्या हिशेबाचे एकक पौंड नसून दिवस असते. युनिट, म्हणजे चित्रीकरणाचा सगळा ताफा, एकदा उभे राहिले की त्याचा रोजचा खर्च जवळजवळ ठरलेला असतो. कॅमेरा भाड्याने आहे, साठ-सत्तर माणसे पगारावर आहेत, गाड्या उभ्या आहेत, जेवण शिजते आहे. त्या दिवशी चार दृश्ये झाली काय किंवा एक झाले काय, खर्चात फारसा फरक पडत नाही. म्हणून संहिता हाती आली की आम्ही ती दिवसांच्या भाषेत वाचतो. प्रत्येक पानाचे आठ भाग कल्पून प्रत्येक दृश्याची लांबी मोजली जाते. ढोबळ मानाने एक पान म्हणजे पडद्यावरचे एक मिनिट, आणि एका कॅमेऱ्याने चित्रित होणाऱ्या नाट्यमालिकेत दिवसाला चार-पाच पाने झाली तर तो दिवस बरा गेला असे मानतात. म्हणजे एका तासाच्या भागाला बारा ते पंधरा दिवस.

पण पानांचे गणित फसवे असते. संहितेत एकच ओळ असते: ‘लग्नाची मंडळी चर्चबाहेर येतात आणि पाऊस कोसळू लागतो.’ लांबीने हे एक अष्टमांश पान झाले. आता ते उलगडून पाहा. कथा १९५० च्या दशकातली असेल तर साठ पाहुण्यांना त्या काळचे कपडे हवेत. ते भिजणार, म्हणजे दुसऱ्या टेकसाठी निदान पुढच्या रांगेतल्या मंडळींना तसेच दुसरे कोरडे कपडे हवेत. खरा पाऊस मागून प्रकाश दिल्याखेरीज कॅमेऱ्यात नीट दिसत नाही आणि सांगितल्या वेळी पडतही नाही, म्हणून कृत्रिम पावसाची यंत्रणा आणि पाण्याचे टँकर हवेत. टँकर उभे राहायला जागा हवी. कबरस्तानातल्या हिरवळीवरून त्यांना नेता येणार नाही. रस्ता थोडा वेळ बंद करायचा तर स्थानिक नगरपालिकेशी आधी बोलणे हवे, आणि एकट्या लंडनमध्ये ३२ बरो आणि सिटी मिळून ३३ स्थानिक प्राधिकरणे आहेत, प्रत्येकाच्या अटी वेगळ्या. भिजलेल्या माणसांसाठी गरम तंबू, टॉवेल, केस वाळवायची व्यवस्था. दोन टेकच्या मध्ये किमान पाऊण तास. त्या एका ओळीने अख्खा दिवस खाल्ला. मग प्रॉडक्शन मॅनेजर दिग्दर्शकाकडे जाऊन ‘पाऊस काढून टाका’ असे म्हणत नाही, म्हणणे शहाणपणाचेही नसते. तो विचारतो की, पाहुणे दारातच थबकले आणि आपण पाऊस फक्त दाराच्या चौकटीतून पाहिला तर चालेल का? साठांचे पंधरा होतात, रस्ता मोकळा राहतो, आणि पुष्कळदा दृश्यही अधिक चांगले होते. ‘नाही’ हा शब्द न वापरता नकार देण्याची ही विद्या कोणत्याही अभ्यासक्रमात शिकवत नाहीत.

मी आले तेव्हा वेळापत्रक संगणकावर नसे. घडी घालता येणारा एक लांबलचक फळा असे आणि त्यात प्रत्येक दृश्याची एक पुठ्ठ्याची पट्टी खोचलेली असे: दिवसाच्या आतल्या दृश्याला पांढरी, दिवसाच्या बाहेरच्याला पिवळी, रात्रीच्या आतल्याला निळी, रात्रीच्या बाहेरच्याला हिरवी. आज हेच काम संगणकावर होते, रंग मात्र तेच राहिले आहेत. वेळापत्रक मांडतो फर्स्ट असिस्टंट डायरेक्टर, म्हणजे मुख्य सहायक दिग्दर्शक, पण त्याचे प्रत्येक रूप आधी प्रॉडक्शन मॅनेजरच्या टेबलावरून जाते. फळ्याकडे दुरून पाहिले तरी कळे की हिरव्या पट्ट्या फार झाल्या आहेत आणि कोणाची तरी झोप उडणार आहे.

ब्रिटनचे हवामान या फळ्याला आपल्या तालावर नाचवते. डिसेंबरमध्ये लंडनला आठ तासांपेक्षाही कमी उजेड असतो, सूर्य दुपारी चारच्या आधीच मावळतो. ग्लासगोला त्याहूनही लवकर अंधारते. म्हणजे पिवळ्या पट्ट्या सकाळी साडेआठ ते दुपारी साडेतीन एवढ्यातच बसवायच्या. जूनमध्ये उलटे, नऊ वाजून गेले तरी उजेड हटत नाही, त्यामुळे ‘रात्र’ नावाची गोष्ट जेमतेम पाच-सहा तास हाती लागते. त्यात कामाच्या तासांचे नियम आहेत. नाट्यमालिकांमध्ये दिवस बहुधा दहा तासांचा आणि वर एक तास जेवणाचा, आणि एका दिवसाचे काम संपल्यापासून दुसऱ्या दिवसाचे सुरू होईपर्यंत अकरा तासांची विश्रांती. सोमवारी पॅक-अप चार तास उशिरा झाले तर मंगळवारचा कॉल, म्हणजे सेटवर हजर व्हायची वेळ, दोन तास पुढे सरकतो. मग मंगळवारही उशिरा संपतो, आणि शुक्रवारी आपण शनिवार उजाडेपर्यंत उभे असतो. मुंबईच्या बारा-बारा तासांच्या शिफ्टमध्ये वाढलेल्या माणसाला हे लाड वाटतील. मलाही पहिल्या वर्षी वाटले होते. पहाटे तीनला घरी जाताना गाडी चालवताना डोळा लागलेला एक सहकारी नशिबाने वाचला, तेव्हापासून तसे वाटले नाही.

या व्यवसायात मी जी एक गोष्ट शिकले, ती माझ्याच चुकीतून शिकले, म्हणून तीही सांगते. तीन भागांची एक ऐतिहासिक मालिका होती. कंपनीचे नाव घेत नाही. दुसऱ्या आठवड्यातल्या बुधवारी माझ्या लक्षात आले की आपण अर्धा दिवस मागे पडलो आहोत. दर आठवड्याला निर्माता आणि वाहिनीकडे एक खर्च-अहवाल जातो. त्यात आजवर झालेला खर्च, शब्द दिला गेला आहे पण बिल यायचे आहे असा खर्च, आणि शेवटी एकंदर किती होईल याचा अंदाज असे रकाने असतात. पहिले दोन रकाने हिशेबनीस भरू शकतो. तिसरा रकाना प्रॉडक्शन मॅनेजरच्या सचोटीवर भरला जातो. त्या शुक्रवारी वाहिनीच्या अधिकारी बाई सेटवर येणार होत्या. निर्मात्याने मला सांगितले की, हा अर्धा दिवस पुढे भरून काढू, या आठवड्याच्या अहवालात दाखवू नकोस. मी मान डोलावली. चौथ्या आठवड्यात अर्ध्याचे अडीच दिवस झाले. तोवर ज्या जुन्या वाड्यात आम्ही चित्रीकरण करत होतो त्याची मुदत संपली आणि त्या घरचे कुटुंब परत राहायला आले. दिवाणखान्यातली दोन दृश्ये राहिली होती. शेवटी त्या दिवाणखान्याची एक भिंत आणि खिडकी स्टुडिओत हुबेहूब उभारावी लागली. त्या बुधवारी मी तोंड उघडले असते तर दिग्दर्शकाने दोन छोटी दृश्ये आनंदाने गाळली असती. ती पुढे संकलनात नाहीतरी गळालीच. त्यानंतर तिसऱ्या रकान्यातला माझा आकडा मी कोणाच्याही सांगण्यावरून बदलला नाही, आणि त्यापायी दोन कामे हातची गेली.

आता कारकिर्दीकडे वळते. त्यासाठी थोडा इतिहास सांगावा लागेल, कारण या पदाचा अर्थच मध्ये एकदा बदलला. बीबीसीच्या नाट्यविभागात पूर्वी ‘प्रॉडक्शन असिस्टंट’ हा दिग्दर्शकाचा उजवा हात असे. तोच लोकेशन शोधी, क्रम लावी आणि बाहेरच्या चित्रीकरणात सहायक दिग्दर्शकाचेही काम करी. १९८० च्या सुमारास या कामाला ‘प्रॉडक्शन मॅनेजर’ हे नाव रूढ झाले, आणि पैशाची बाजू ‘प्रॉडक्शन युनिट मॅनेजर’ नावाच्या वेगळ्या व्यक्तीकडे असे. म्हणून त्या काळच्या श्रेयनामावल्या वाचताना आजचा अर्थ त्यांना चिकटवू नये.

त्या पडद्यामागच्या पदांवरून पुढे गेलेली माणसे थोडी नाहीत. व्हेरिटी लॅम्बर्ट यांनी दूरचित्रवाणीत सुरुवात केली ती सेक्रेटरी म्हणून. एबीसी या ब्रिटिश दूरचित्रवाणी कंपनीत त्या प्रॉडक्शन असिस्टंट असताना, ३० नोव्हेंबर १९५८ रोजी एक नाटक थेट प्रक्षेपित होत होते आणि त्यातला गॅरेथ जोन्स हा नट प्रक्षेपण चालू असतानाच मरण पावला. दिग्दर्शक टेड कॉचेफ उरलेले नाटक त्याच्याशिवाय कसे पार पाडायचे हे नटांना सांगायला खाली स्टुडिओत धावले, आणि वर नियंत्रण कक्षात बसून कॅमेऱ्यांना सूचना देण्याची जबाबदारी लॅम्बर्ट यांच्यावर आली. पाच वर्षांनी, १९६३ साली, त्या बीबीसीच्या ‘डॉक्टर हू’ या विज्ञानकथा मालिकेच्या पहिल्या निर्मात्या झाल्या. त्याच मालिकेच्या १९८९ पर्यंत चाललेल्या मूळ पर्वाचे अखेरचे निर्माते जॉन नेथन-टर्नर यांची वाट तर अगदीच आमच्या व्यवसायातली: फ्लोअर असिस्टंट, मग प्रॉडक्शन असिस्टंट, मग १९७७ पासून याच मालिकेचे प्रॉडक्शन युनिट मॅनेजर, आणि १९८० पासून निर्माते. युनिट मॅनेजर म्हणून त्यांच्या अखेरच्या दिवसांत ‘शादा’ ही कथा चित्रित होत होती. केंब्रिजमधले बाहेरचे चित्रीकरण झाले, स्टुडिओतले पहिले सत्रही पार पडले, आणि मग कामगारांच्या वादामुळे पुढची सत्रे होऊच शकली नाहीत. वाद मिटल्यावर स्टुडिओ नाताळच्या कार्यक्रमांना आधी दिले गेले. त्या वर्षी, १९७९ मध्ये, आयटीव्ही या खासगी वाहिनीचे पडदेही संपामुळे ऑगस्ट ते ऑक्टोबर बंद होते. नेथन-टर्नर यांनी निर्माता झाल्यावर ‘शादा’ पूर्ण करण्याचा प्रयत्न केला, पण जमले नाही; अखेर १९९२ साली जे काही चित्रित झाले होते ते निवेदनाने जोडून व्हिडिओ कॅसेटवर आणण्यात आले.

लंडनच्या वुड लेनवरचे बीबीसीचे टेलिव्हिजन सेंटर १९६० साली उघडले आणि २०१३ साली बीबीसीने ते सोडले. सगळे कार्यक्रम आपल्याच छताखाली बनवण्याच्या त्या व्यवस्थेचे अखेरचे दिवस मला पाहायला मिळाले. लंडनच्याच उत्तर अॅक्टन भागातल्या बीबीसीच्या इमारतीत तालमी चालत. तिथे नेपथ्य नसे. जमिनीवर रंगीबेरंगी चिकटपट्ट्यांनी खोल्यांचे आराखडे आखलेले असत, एका रंगाची पट्टी म्हणजे स्वयंपाकघर, दुसऱ्या रंगाची म्हणजे वरचा मजला. नट चिकटपट्टीच्या भिंतीतून चुकून आरपार गेला तर सगळे हसत. मग स्टुडिओत मोजके दिवस मिळत आणि रात्री दहा वाजता काम थांबे. दहा म्हणजे दहा. पावणेदहाला शेवटचे दृश्य सुरू झालेले असेल तर सगळ्यांच्या नजरा घड्याळावर. जादा वेळ हवा तर तो आधी मागावा लागे आणि तो मिळेलच असे नसे. नेपथ्य रात्रीतून मोडून सकाळी तिथे दुसऱ्याच कार्यक्रमाचे नेपथ्य उभे राही.

ही सगळी माणसे नोकरीत कायम होती. तिथे तरुणांना शिकवले जाई, चूक केली तर ओरडा बसे पण पगार चालू राही. ती व्यवस्था मोडायला तीन गोष्टी कारण झाल्या. १९८२ साली चॅनेल फोर सुरू झाले. ही वाहिनी स्वतः कार्यक्रम न बनवता बाहेरून बनवून घेई, त्यामुळे लहान-लहान निर्मिती कंपन्या उगवल्या. १९९० च्या प्रसारण कायद्याने बीबीसी आणि आयटीव्ही यांना पात्र कार्यक्रमांपैकी २५ टक्के स्वतंत्र निर्मात्यांकडून घेणे बंधनकारक केले. आणि १९९३ पासून महासंचालक जॉन बर्ट यांच्या कारकिर्दीत बीबीसीत ‘प्रोड्यूसर चॉइस’ ही अंतर्गत बाजाराची पद्धत आली. म्हणजे निर्मात्याने नेपथ्य, वेशभूषा, संकलन हे सारे बीबीसीच्याच विभागांकडून विकत घ्यायचे, किंवा बाहेर स्वस्त मिळाले तर बाहेरून. बीबीसीच्या ग्रंथालयातून ध्वनिमुद्रिका मागवण्यापेक्षा दुकानातून नवी विकत आणणे स्वस्त पडते, हा किस्सा तेव्हा सगळीकडे सांगितला जाई. प्रॉडक्शन मॅनेजरच्या टेबलावर एकाएकी दरपत्रकांचे ढीग साचले. त्याची किंमत वाढली हे खरे, पण त्याचे निवृत्तिवेतन आणि त्याच्या हाताखाली शिकणारी मुले दोन्ही गेली. मी स्वतः १९९० च्या दशकाच्या मध्यापासून फ्रीलान्स झाले. वीस-बावीस आठवड्यांचे एक काम, मग पुढचा फोन येईपर्यंत वाट पाहणे. ब्रिटनमध्ये हे काम अजूनही जाहिरातीने कमी आणि फोनवरच्या एका प्रश्नाने जास्त मिळते: ‘तिच्याबरोबर तू पुन्हा काम करशील का?’

त्यानंतरचा मोठा बदल करसवलतीचा. एप्रिल २०१३ पासून, पडद्यावरच्या दर तासाला सरासरी १० लाख पौंडांहून अधिक मूळ खर्च (तयारी, चित्रीकरण आणि संकलन यांचा) असलेल्या नाट्यमालिकांना सरकारी सवलत मिळू लागली. जानेवारी २०२४ पासून तिची जागा नव्या पद्धतीने घेतली असून तिचा दर ३४ टक्के आहे. हा आकडा ऐकून नवखे निर्माते हुरळतात. पण ही रक्कम करपात्र असते, म्हणून २५ टक्के कर वजा जाता २५.५ टक्केच उरतात. आणि ती जास्तीत जास्त ८० टक्के मूळ खर्चावरच मिळते, म्हणजे एकूण मूळ खर्चाच्या २०.४ टक्के. शिवाय मालिकेला ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या सांस्कृतिक चाचणीत ३५ पैकी १८ गुण मिळवावे लागतात. कोणता खर्च ब्रिटनमध्ये झाला आणि कोणता बाहेर, हे पहिल्या दिवसापासून वेगळे नोंदवण्याची शिस्त प्रॉडक्शन मॅनेजरने आणि निर्मितीच्या हिशेबनिसाने लावायची असते. चित्रीकरण संपल्यावर बिलांच्या खोक्यातून ते शोधून काढता येत नाही. या सवलतीने अमेरिकी पैसा आला, स्टुडिओ वाढले. पण तासाला आठ-नऊ लाख पौंडांत बनणारी, मध्यम आकाराची ब्रिटिश मालिका मात्र अडचणीत आली, कारण उंबरठा ओलांडायला तिला खर्च वाढवावा लागतो आणि तेवढा पैसा वाहिनीकडे नसतो. माझ्या मते चांगले प्रॉडक्शन मॅनेजर याच मध्यम आकाराच्या कामांतून तयार होत असत.

परताव्याचे हे गणित कथेला देशाबाहेरही नेते. ग्रॅनडा या ब्रिटिश दूरचित्रवाणी कंपनीची ‘द ज्वेल इन द क्राउन’ ही १४ भागांची मालिका १९८४ साली दाखवली गेली. तिचे युनिट उदयपूर, म्हैसूर आणि सिमल्याला जाऊन चित्रीकरण करून आले आणि आतली दृश्ये मँचेस्टरला झाली. तीस वर्षांनी चॅनेल फोरची ‘इंडियन समर्स’ ही सिमल्यातच घडणारी मालिका मात्र मलेशियातल्या पेनांगला चित्रित झाली. आजच्या सिमल्यातली इमारतींची दाटी, पावसाळा आणि मलेशियाची परताव्याची योजना अशा गोष्टी समोर ठेवल्या की प्रॉडक्शन मॅनेजरचा कौल कुठे पडेल हे सांगायला नको. सिमल्याच्या ओढीने भारतीय प्रेक्षक हळहळला असेल, मीही हळहळले. पण त्या टेबलावर मी असते तर मीही पेनांगच म्हटले असते.

विमा आणि सुरक्षितता हे या कामाचे सर्वांत कंटाळवाणे आणि सर्वांत जबाबदारीचे अंग. १९९२ च्या उन्हाळ्यात ‘शार्प’ या ऐतिहासिक युद्धमालिकेचे युनिट क्रिमियात होते. नायकाच्या भूमिकेतल्या पॉल मॅगन यांचा गुडघा युनिटमधल्याच मंडळींबरोबर फुटबॉल खेळताना दुखावला. वेळापत्रक फिरवून पाहिले गेले, पण गुडघा साथ देईना. शेवटी विम्याच्या आधारावर काम थांबवून शॉन बीन यांना घेऊन नव्याने सुरुवात झाली, आणि पुढे ती भूमिका म्हणजेच शॉन बीन असे समीकरण झाले. तेव्हापासून अनेक प्रॉडक्शन मॅनेजर सुट्टीच्या दिवशीही नटांना चेंडूपासून दूर ठेवतात असे गमतीने म्हणतात. मी तर एका नटाला स्कीइंगला जाऊ नये म्हणून लेखी विनंती केली होती. सुरक्षिततेची कथा मात्र गमतीची नाही. नोव्हेंबर १९८६ मध्ये बीबीसीच्या एका लोकप्रिय शनिवारच्या कार्यक्रमासाठी थरारक कसरतीची तालीम करताना प्रेक्षकांमधून निवडलेल्या एका स्वयंसेवकाचा मृत्यू झाला आणि तो कार्यक्रम बंद करण्यात आला. १९७४ चा सुरक्षितता कायदा होताच. १९९२ च्या नियमांनी जोखमीचे लेखी मूल्यमापन बंधनकारक झाले. आज शिडीवर चढण्यापासून घोड्यापर्यंत प्रत्येक गोष्टीचा कागद असतो. कागद भरणे सोपे आहे. ‘हा कागद मी वाचला आहे आणि म्हणून हे दृश्य आज होणार नाही’ असे सत्तर माणसांसमोर म्हणणे अवघड.

मुलांचे नियम तितकेच कडक. स्थानिक प्राधिकरणाचा परवाना, मान्यताप्राप्त शॅपरोन (मुलाची देखभाल करणारी सोबतीण किंवा सोबती) आणि तासांची मर्यादा. पाच ते आठ वर्षांचे मूल सेटवर दिवसाला जास्तीत जास्त आठ तास असू शकते आणि त्यातले प्रत्यक्ष काम तीन तासांहून अधिक नाही. कथेत सहा वर्षांची मुलगी प्रत्येक दृश्यात असेल तर जुळ्या बहिणी शोधायला प्रॉडक्शन मॅनेजरच आधी सुचवतो.

करोनाने या सगळ्याची परीक्षा घेतली. मार्च २०२० मध्ये चित्रीकरणे थांबली. ‘ईस्टएंडर्स’ ही १९८५ पासून अखंड चालत आलेली मालिका जूनच्या मध्यापासून सप्टेंबरपर्यंत पडद्यावरून नाहीशी झाली, कारण शिल्लक भाग संपले. आपल्याकडे ज्याला मालिकेची ‘बँक’ म्हणतात, ती संपली. विमा कंपन्या करोनाचा धोका घ्यायला तयार नव्हत्या, आणि विम्याशिवाय पैसा कोणी देत नाही. त्या उन्हाळ्यात सरकारने ५० कोटी पौंडांची हमी योजना जाहीर केली, तेव्हा गाडा पुन्हा सुरू झाला. मराठी मालिकांनी एप्रिल २०२१ मध्ये गोव्याची वाट धरली आणि पुढच्याच महिन्यात तिथूनही परतावे लागले, ते मी दुरून पाहत होते. तिथल्या प्रॉडक्शन मॅनेजरांपाशी अशी कोणतीही हमी नव्हती आणि तरीही त्यांनी दररोजचा भाग दिला, याचे मला आजही कौतुक वाटते.

या व्यवसायातली चढण अशी असते: रनर (सगळ्यांची किरकोळ धावपळ करणारा), प्रॉडक्शन सेक्रेटरी, सहायक कोऑर्डिनेटर, कोऑर्डिनेटर, प्रॉडक्शन मॅनेजर, आणि पुढे लाइन प्रोड्यूसर किंवा कंपनीत हेड ऑफ प्रॉडक्शन. रनर ते मॅनेजर हे अंतर पूर्वी दहा-बारा वर्षांचे होते. करोनानंतरच्या तेजीत माणसे कमी पडली आणि काहींनी ते चार वर्षांत कापले. मग २०२३ मध्ये अमेरिकेतले लेखक आणि नट संपावर गेले, वाहिन्यांनीही हात आखडते घेतले, आणि हीच मंडळी आधी रिकामी झाली. घाईने चढलेल्यांचा दोष नव्हता, पण कोऑर्डिनेटरच्या खुर्चीत पुरेसे हिवाळे काढले नाहीत की कोणत्या पुरवठादाराला किती ताणायचे आणि कोणत्या नटाच्या एजंटला दुपारी चारनंतर फोन करू नये, हे कळत नाही.

मुंबईतला अनुभव उपयोगी पडतो का? पडतो, पण जसाच्या तसा नाही. ऐनवेळी मार्ग काढण्याची जी सवय आपल्या माणसाला असते ती इथे दुर्मीळ आहे आणि तिची कदर होते. पण इथे मार्ग काढल्यावर तो लिहून ठेवावा लागतो, आणि ‘बघू, होऊन जाईल’ हे उत्तर इथे उत्तर मानत नाहीत. ब्रिटनमध्ये काम करण्याचा कायदेशीर हक्क आधी हवा, कारण फ्रीलान्स कामासाठी निर्मिती कंपनी सहसा कोणाच्या व्हिसाच्या भानगडीत पडत नाही. शिक्षणासाठी येणार असाल तर पदवीबरोबरच निर्मितीच्या हिशेबाचे आणि सुरक्षिततेचे लहान अभ्यासक्रम पाहा. ‘स्क्रीनस्किल्स’ ही उद्योगातली प्रशिक्षण संस्था तसे चालवते. मॅनेजर म्हणून अर्ज करू नका, मागे नाव कितीही असो. सहायक कोऑर्डिनेटरपासून सुरुवात करा.

आणि मुलाखतीच्या आधी एक करा. तुम्ही स्वतः काम केलेल्या मालिकेचा एक भाग घ्या, त्याची दृश्ये पट्ट्यांवर उतरवा, अकरा तासांची विश्रांती आणि नोव्हेंबरचा मँचेस्टरमधला उजेड गृहीत धरून त्याचे दिवस लावून पाहा. किती दिवस वाढतात आणि कोणती दोन दृश्ये तुम्ही दिग्दर्शकाला बदलायला सांगाल, ते एका पानावर लिहा. मी मुलाखती घेत असे तेव्हा असे पान घेऊन आलेला उमेदवार मला दोनदाच भेटला, आणि दोघांनाही मी त्याच आठवड्यात कामावर घेतले.